अराज्यवादाचा विचार आणि बारडोलीचा अनुभव



सुरतेच्या पूर्वेस तीस-पस्तीस किलोमीटरवर, मिंढोळा नदीच्या काठी बारडोली वसली आहे. मराठी माणसाला या गावाचे नाव दोन वाटांनी माहीत झालेले असते. एक वाट शाळेच्या इतिहासाच्या पुस्तकातून येते. तीत १९२८ चा साराबंदीचा सत्याग्रह आणि वल्लभभाईंना मिळालेली ‘सरदार’ ही पदवी असते. दुसरी वाट धुळे-नंदुरबारकडच्या खेड्यांतून जाते. दिवाळी आटोपली की भांडीकुंडी, पोरेबाळे आणि कोयता घेऊन ऊसतोडीला निघालेली माणसे ज्या मुलखाकडे जातात, त्यात बारडोलीचे नाव ठळक असते. पहिल्या बारडोलीत सरकारचा हुकूम न मानणारे शेतकरी दिसतात. दुसरीत मुकादमाचा हुकूम मानण्यावाचून गत्यंतर नसलेले मजूर दिसतात. या दोन्ही बारडोल्या एकाच काळ्या मातीवर उभ्या आहेत. राज्यशास्त्रातील एका जुन्या, मोठ्या आणि तितक्याच बदनाम झालेल्या विचाराची परीक्षा या मातीवर झाली. तो विचार म्हणजे अराज्यवाद.

प्रथम शब्दाचा उलगडा केला पाहिजे. मराठीत ‘अराजक’ म्हटले की लुटालूट, जाळपोळ आणि बळी तो कान पिळी अशी अवस्था डोळ्यांपुढे उभी राहते. या अर्थाला आपल्याकडे मोठी परंपरा आहे. राजा नसेल तर मोठा मासा लहान माशाला गिळतो, हा मत्स्यन्याय महाभारताच्या शांतिपर्वात सांगितलेला आहे. परंतु त्याच शांतिपर्वात दुसरी एक स्मृतीही जपलेली आहे, आणि तिच्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. राजा ही संस्था आली कोठून, असे युधिष्ठिराने विचारले असता भीष्म सांगतात की, आरंभी राज्यही नव्हते, राजाही नव्हता, दंड नव्हता आणि दंड करणाराही नव्हता. लोक धर्माच्या आधाराने परस्परांचे रक्षण करीत. पुढे मोह आणि लोभ शिरले, तेव्हा राज्याची गरज पडली. राजा नसलेली अवस्था दोन प्रकारची असू शकते, एक मत्स्यन्यायाची आणि एक परस्पररक्षणाची, हे आपल्या परंपरेला ठाऊक होते. अराज्यवाद म्हणजे दुसऱ्या अवस्थेवरचा विश्वास. दंडाच्या धाकाशिवाय, खुषीच्या करारांनी आणि परस्परसाहाय्याने माणसे आपला सामाईक व्यवहार चालवू शकतात. इतकेच नव्हे तर दंडशक्तीच माणसाची ही उपजत क्षमता खच्ची करते, असे हा विचार मानतो.

आधुनिक युरोपात या विचाराची पहिली सुसंगत मांडणी विल्यम गॉडविन या इंग्रज लेखकाने १७९३ मध्ये केली. फ्रेंच राज्यक्रांतीच्या धामधुमीत लिहिणाऱ्या या विचारवंताने सर्व शासनसंस्थांनाच न्यायासनासमोर उभे केले. स्वतःला उघडपणे अराज्यवादी म्हणवून घेणारा पहिला मोठा विचारवंत म्हणजे फ्रान्सचा प्रूदों. १८४० मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ग्रंथाने मालमत्तेच्या हक्कावरच घाव घातला. कारागीर आणि शेतकरी यांच्या परस्पर सहकाराचे आणि संघांचे जाळे राज्याची जागा घेईल, अशी त्याची कल्पना होती. रशियाच्या बाकुनिनने या विचाराला चळवळीचे रूप दिले. १८६४ मध्ये लंडनला स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेत त्याचा आणि मार्क्सचा जो संघर्ष झाला, तो केवळ दोन प्रबळ व्यक्तिमत्त्वांचा नव्हता. कामगारांनी राज्यसत्ता ताब्यात घेऊन ती वापरावी, हे मार्क्सचे म्हणणे. सत्ता ज्यांच्या हाती जाईल ते उद्याचे नवे मालक होतील, ही बाकुनिनची भीती. १८७२ च्या हेग अधिवेशनात बाकुनिनची हकालपट्टी झाली. पुढील शतकात रशियात जे घडले, ते पाहता त्याची भीती अगदीच अनाठायी होती असे म्हणवत नाही. १९२१ साली क्रोन्स्टाट येथील बंडखोर खलाशांना नव्या सोव्हिएत राज्याने शस्त्रबळाने चिरडले. त्याच वर्षी फेब्रुवारीत अराज्यवादाचा सर्वांत विद्वान भाष्यकार, प्रिन्स क्रोपोटकिन, रशियात निवर्तला होता.

क्रोपोटकिन हा भूगोलाचा आणि सृष्टिविज्ञानाचा अभ्यासक. जीवनकलह हाच निसर्गाचा एकमेव नियम, असे डार्विनचे नाव घेऊन सांगितले जात होते, त्या काळात त्याने परस्परसाहाय्य या विषयावर ग्रंथ लिहिला. तो १९०२ मध्ये प्रसिद्ध झाला. पशुपक्ष्यांचे कळप, ग्रामसमाज, मध्ययुगीन नगरांतील कारागिरांचे संघ आणि आधुनिक काळातील स्वयंसेवी मंडळे यांचे दाखले देऊन त्याने दाखविले की, जे एकमेकांना धरून राहतात तेच टिकतात. अराज्यवादाचे हे सर्वांत प्रसन्न रूप होय.

दुर्दैवाने जगाच्या लक्षात राहिले ते दुसरेच रूप. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस युरोपातील काही तरुणांनी हत्या हेच प्रचाराचे साधन मानले. १८९४ मध्ये फ्रान्सचे अध्यक्ष कार्नो, १८९८ मध्ये ऑस्ट्रियाची सम्राज्ञी एलिझाबेथ, १९०० मध्ये इटलीचा राजा उम्बेर्तो आणि १९०१ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष मॅकिन्ली अशा कृत्यांना बळी पडले. तेव्हापासून ‘अराज्यवादी’ म्हणजे बाँब बाळगणारा, हे समीकरण रूढ झाले.

हिंदुस्थानातील ब्रिटिश सरकारने हे समीकरण आयते उचलले. १९०८ साली मुजफ्फरपूरला बाँबस्फोट झाला. त्यावरील ‘केसरी’तील लेखांबद्दल लोकमान्य टिळकांना सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा झाली आणि त्यांची रवानगी मंडालेला झाली. क्रांतिकारकांना सरकारी कागदपत्रांत सर्रास ‘अनार्किस्ट’ म्हटले जाई. वस्तुतः त्यांपैकी बहुतेकांना राज्य नष्ट करावयाचे नव्हते, ते स्वकीयांच्या हाती आणावयाचे होते. तरीही १९१९ चा जो कायदा रौलट कायदा म्हणून ओळखला जातो, त्याच्या अधिकृत नावातच क्रांतिकारक गुन्ह्यांच्या जोडीला अराजकी गुन्हे हा शब्द होता. पारनेरचे पांडुरंग महादेव बापट, म्हणजेच पुढचे सेनापती बापट, पॅरिसमध्ये रशियन क्रांतिकारकाकडून बाँबविद्या शिकले होते. त्याच बापटांनी १९२१ पासून मुळशीच्या खोऱ्यात धरणाखाली जाणाऱ्या जमिनींसाठी मावळ्यांच्या सत्याग्रहाचे नेतृत्व केले. पुढे ते शुद्ध सत्याग्रहाच्या मार्गावरून ढळले, हे खरे. परंतु बाँबविद्या शिकलेला माणूस निःशस्त्र शेतकऱ्यांच्या पुढे उभा राहतो, या घटनेत त्या काळाचे वळण दिसते. सत्तेला आव्हान देण्याचे साधनच बदलत होते.

हे साधन बदलण्यामागे टॉल्स्टॉयचा मोठा वाटा होता. टॉल्स्टॉय स्वतःला ख्रिस्ताचा अनुयायी म्हणवीत असे. परंतु राज्य म्हणजे संघटित हिंसा आणि तिच्याशी सहकार्य न करणे हे माणसाचे कर्तव्य, हा त्याचा सिद्धान्त अराज्यवादाचाच होता. फरक इतकाच की त्याला शस्त्र मुळीच मान्य नव्हते. दक्षिण आफ्रिकेत तरुण बॅरिस्टर गांधींनी टॉल्स्टॉयचा यासंबंधीचा ग्रंथ वाचला आणि ते भारावून गेले. १९१० मध्ये जोहान्सबर्गजवळ त्यांनी उभारलेल्या वसाहतीला टॉल्स्टॉयचेच नाव दिले. फेब्रुवारी १९१६ मध्ये बनारस हिंदू विश्वविद्यालयाच्या समारंभात, संस्थानिक आणि सरकारी अधिकारी समोर बसलेले असता, गांधीजींनी आपणही एक अराज्यवादीच आहोत, मात्र निराळ्या प्रकारचे, असे सांगितले. सभेत खळबळ उडाली आणि भाषण अर्धवट राहिले. पुढे १९३१ मध्ये ‘यंग इंडिया’त त्यांनी आदर्श समाजाचे वर्णन केले, त्यातही राज्यसंस्थेला स्थान नाही, प्रत्येक जण स्वतःचा शासक आहे. गांधीजींचा अराज्यवाद असा संयमाच्या पायावर उभा होता. राज्याचा हुकूम मोडण्याचा अधिकार त्यालाच, ज्याने स्वतःवर हुकमत मिळविली आहे.

या तत्त्वाची कसोटी पाहण्यासाठी त्यांनी जो तालुका निवडला, तो बारडोली. १३७ गावे आणि सुमारे ८७ हजार लोकवस्ती असलेल्या या तालुक्याने २९ जानेवारी १९२२ च्या परिषदेत सामुदायिक कायदेभंगाचा ठराव केला. १ फेब्रुवारीस गांधीजींनी व्हाइसरॉयला पत्र पाठवून सात दिवसांची मुदत दिली. मुदत संपण्यापूर्वीच, ४ फेब्रुवारीस, संयुक्त प्रांतातील चौरीचौरा येथे जमावाने पोलीस ठाणे पेटवले आणि त्यात बावीस पोलीस मारले गेले. ११ आणि १२ फेब्रुवारीस काँग्रेस कार्यकारिणीची बैठक बारडोलीतच भरली आणि चळवळ तहकूब झाली. देशभरचे कार्यकर्ते संतापले, तुरुंगातील नेते हळहळले. अराज्यवादाच्या दृष्टीने पाहिले तर या निर्णयाचा अर्थ गंभीर आहे. राज्य उठून जाण्याच्या आधी लोक स्वतःला आवरण्यास शिकले नसतील, तर मागे उरेल तो मत्स्यन्याय, हे गांधीजींनी चौरीचौऱ्यात पाहिले. ज्या तालुक्याने कसलाही अपराध केला नव्हता, त्याला सज्ज अवस्थेत थांबावे लागले. पुढील महिन्यात गांधीजींना अटक झाली. १८ मार्चला अहमदाबादेस न्यायाधीश ब्रूमफील्ड यांनी टिळकांच्या खटल्याचा दाखला देऊन त्यांना सहा वर्षांची शिक्षा सुनावली. टिळकांच्या पंक्तीत आपले नाव बसविले जावे, हा गांधीजींनी स्वतःचा गौरव मानला.

चळवळ थांबली, पण त्याच वर्षाच्या अखेरीस या मुलखात एक विलक्षण गोष्ट घडली. तिला नेता नव्हता, ठराव नव्हता, कार्यालय नव्हते. पालघरकडच्या किनाऱ्यावरील कोळी समाजात देवीच्या शांतीचा एक विधी चालत असे. तो सह्याद्रीच्या पायथ्याच्या आदिवासींत पसरला, डांगात शिरला आणि तेथून सुरत जिल्ह्यात उतरला. अंगात आलेल्या माणसांच्या मुखाने देवी सांगू लागली : दारू-ताडी सोडा, मांस सोडा, रोज स्नान करा, दारूच्या गुत्तेदाराकडे कामाला जाऊ नका. हजारो आदिवासींनी ते मानले. इतिहासकार डेव्हिड हार्डिमन यांनी १९८७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात या चळवळीचा साक्षेपी मागोवा घेतला आहे. गांधीजींचे कार्यकर्ते तेथे पोहोचले ते मागाहून. ज्यांना उजळ समाज ‘काळीपरज’ म्हणून हिणवीत होता, त्यांनी कोणाच्याही हुकमाशिवाय स्वतःला शिस्त लावली आणि गुत्तेदाराची सत्ता खिळखिळी केली. चळवळीचा पहिला भर ओसरल्यावर पुष्कळ ठिकाणी जुन्या सवयी परतल्या, हेही नमूद केले पाहिजे. तथापि अराज्यवादाच्या इतिहासात पॅरिस आणि बार्सिलोना यांच्या जोडीला या डोंगरपाड्यांची नोंद व्हावयास हवी.

१९२८ चा सत्याग्रह यापेक्षा सर्वस्वी भिन्न जातीचा होता. मुंबई सरकारने जमीन-महसुलाच्या फेरआकारणीत बारडोलीचा सारा सुमारे २२ टक्क्यांनी वाढविला. शेतकऱ्यांची मागणी एवढीच होती की, निःपक्ष चौकशी करा. राज्य नष्ट करण्याची भाषा कोणी केली नाही. हा लढा स्वराज्याचा नाही, असेच वल्लभभाई बजावीत राहिले. १२ फेब्रुवारी १९२८ च्या परिषदेत सारा न भरण्याचा निश्चय झाला. मागणी मर्यादित होती खरी, परंतु जी पद्धती अवलंबिली गेली तिने सरकारच नाहीसे करून दाखविले. तालुक्याचे तेरा छावण्यांत विभाजन झाले. सुमारे शंभर अनुभवी कार्यकर्ते आणि दीड हजार स्वयंसेवक कामास लागले. दररोज सत्याग्रह पत्रिका निघू लागली. अब्बास तय्यबजी, रविशंकर महाराज, मिठूबेन पेटिट, मणिबेन पटेल यांसारखी माणसे गावोगाव बसली. पटेल आणि तलाठी यांनी राजीनामे दिले. जप्तीची मंडळी गावाकडे निघाली की ढोल वाजे. दारे बंद होत, गुरे घरात घेतली जात, आणि अधिकाऱ्याला गावात ना गाडी मिळे ना माणूस. महिनोन्‌महिने म्हशींसह कोंडून घेतलेल्या त्या घरांतून स्त्रियांनी जो चिवटपणा दाखविला, त्यानेच हा लढा तगला. वल्लभभाईंना ‘सरदार’ म्हणून पहिली हाक या स्त्रियांनी दिली, असे सांगतात.

राज्य कशावर उभे असते, हा प्रश्न ग्रंथांत पुष्कळांनी चर्चिला आहे. बारडोलीत त्याचे उत्तर उघड्या डोळ्यांनी दिसले. राज्य उभे असते ते पटेलाच्या सहीवर, तलाठ्याच्या दप्तरावर, बैलगाडी देणाऱ्या शेतकऱ्यावर आणि लिलावात बोली बोलणाऱ्या शेजाऱ्यावर. ही चार माणसे बाजूला झाली की बंदुका असूनही राज्य पांगळे होते. मुंबईच्या एका इंग्रजी दैनिकाच्या बातमीदाराने बारडोलीत बोल्शेविक राजवट अवतरल्याची आणि वल्लभभाई तिचे लेनिन झाल्याची हाकाटी केली. तीत भीती होती, तशी अजाणता दिलेली कबुलीही होती. ऑगस्टमध्ये तडजोड झाली. चौकशीसाठी जे दोन अधिकारी नेमले गेले, त्यांपैकी महसूल खात्याचे मॅक्सवेल आणि न्यायखात्याचे ब्रूमफील्ड; १९२२ मध्ये गांधीजींना शिक्षा सुनावणारे तेच ब्रूमफील्ड. त्यांनी गावोगाव हिंडून दफ्तरे तपासली आणि सरकारी आकारणी निराधार ठरविली. २२ टक्क्यांची वाढ ६.०३ टक्क्यांवर आली. न्यायाधीशाच्या प्रामाणिकपणाचेही श्रेय येथे मान्य केले पाहिजे. राज्याच्या सेवकातही न्यायबुद्धी शिल्लक असते, आणि निःशस्त्र प्रतिकार तिला जागे करतो, हा बारडोलीचा एक धडा आहे.

येथवरची कहाणी विजयाची आहे. महादेवभाई देसाई यांनी ती तत्परतेने ग्रंथरूपात लिहून ठेवली. मात्र अराज्यवादाचा अभ्यासक येथे थांबू शकत नाही. त्याला आणखी दोन गोष्टींकडे पाहावे लागते.

पहिली गोष्ट बहिष्काराची. सरकारचा दंड नाहीसा झाला, तेव्हा गावाचा दंड पुढे आला. जो सारा भरील त्याच्याशी रोटी-बेटी बंद, त्याच्याकडे मजूर जाणार नाही, अशा जातपंचायतीच्या शपथा झाल्या. कोणाचे अन्नपाणी किंवा औषधोपचार तोडू नका, अशी ताकीद गांधीजींना द्यावी लागली, यावरूनच धोका किती जवळ होता ते समजते. सरकारी अधिकाऱ्याचा हुकूम मोडणारा शेतकरी जातीच्या पंचांचा हुकूम मोडू शकत होता काय, हा प्रश्न अनुत्तरित राहिला.

दुसरी गोष्ट हाळींची. बारडोलीच्या जमिनी पाटीदार आणि अनाविल ब्राह्मण यांच्या. त्या कसणारे हात बहुतांशी दुबळा जमातीचे. लग्नासाठी जमीनदाराकडून, म्हणजे ‘धणियामो’कडून, पैसे घ्यावयाचे आणि त्यापोटी नवराबायकोने जन्मभर त्याच्या शेतात व घरात राबावयाचे, ही हाळी प्रथा. कर्ज फिटत नसे. फिटावे अशी अपेक्षाही नसे. साराबंदीच्या लढ्यात हे लोक होतेच, परंतु मालकाच्या पाठीमागे होते. साऱ्याचे ओझे कमी झाले ते सातबारा ज्यांच्या नावे होता त्यांचे. हाळींच्या मुक्तीचा प्रश्न खऱ्या अर्थाने ऐरणीवर आला तो १९३८ च्या सुमारास, याच परिसरातील हरिपुऱ्यास सुभाषचंद्र बोस यांच्या अध्यक्षतेखाली काँग्रेसचे अधिवेशन भरले त्या काळात. इंदुलाल याज्ञिक यांच्या किसान सभेने तो नेटाने मांडला. दुबळ्यांना ‘हळपती’ असे नवे नाव मिळाले. हळ म्हणजे नांगर, नांगराचा धनी. नाव पालटले, नांगर मात्र दुसऱ्याचाच राहिला. वेडछी येथे जुगतराम दवे यांनी आश्रम उभारून आदिवासींत आयुष्यभर जे काम केले, ते या उणिवेची जाणीव ठेवूनच.

स्वातंत्र्यानंतर बारडोलीच्या सरदारांवर साडेपाचशेहून अधिक संस्थाने विलीन करून घेण्याची कामगिरी आली आणि त्यांनी ती पार पाडली. पटेल-तलाठ्यांना राजीनामे द्यावयास लावून ज्यांनी राज्य थांबवून दाखविले, त्यांनीच सनदी सेवांचा पाया पक्का केला. हा विरोधाभास केवळ आपल्याकडचा नाही. स्पेनमध्ये १९३६ साली अराज्यवादी कामगार संघटनेने कातालोनियात कारखाने आणि आरागोनात शेते सामुदायिक मालकीची करून चालविली. परंतु फ्रँकोचे सैन्य दाराशी येताच त्याच संघटनेच्या चार नेत्यांनी नोव्हेंबरमध्ये मंत्रिपदे स्वीकारली. राज्य नको म्हणणाऱ्यांनाही संकटकाळी राज्याचा आधार घ्यावा लागला.

या ठिकाणी मराठी भाषकांच्या दोन थोर विचारवंतांचे म्हणणे शेजारी शेजारी ठेवले पाहिजे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत सांगितले की, सनदशीर मार्ग खुले झाल्यावर कायदेभंग आणि सत्याग्रह हे मार्ग सोडले पाहिजेत. अशा मार्गांना त्यांनी अराजकाचे व्याकरण म्हटले. खेड्याच्या स्वयंपूर्णतेचे गोडवे त्यांना कधीच मान्य नव्हते. ज्याला गावाच्या विहिरीवर पाणी मिळत नाही, त्याला गावाच्या हाती सोपवून राज्याने निघून जावे, ही कल्पना त्यांना भयंकर वाटे. याच्या दुसऱ्या बाजूस विनोबा. कुलाबा जिल्ह्यातील गागोद्यास जन्मलेल्या विनोबांनी १९५१ मध्ये पोचमपल्लीहून भूदानाची यात्रा आरंभिली आणि शासनमुक्त समाज हे आपले ध्येय सांगितले. विनोबांचे वैशिष्ट्य असे की, शासनमुक्तीच्या आधी त्यांनी जमिनीचा प्रश्न घेतला. गावात एक जण धनी आणि दुसरा त्याचा हाळी असेल, तर राज्य उठल्यावर धन्याचेच राज्य उरणार, हे त्यांनी ओळखले होते. भूदानाला पुढे ओहोटी लागली. दान मिळालेल्या जमिनींपैकी कित्येक नापीक निघाल्या, कित्येकांचे वाटपच झाले नाही. म्हणून त्यांचा प्रश्न खोटा ठरत नाही. आंबेडकर आणि विनोबा यांची उत्तरे परस्परविरोधी आहेत, परंतु दोघांनी बोट ठेवले आहे ते एकाच दुखऱ्या जागेवर.

त्या जागेची आजची खूणही बारडोलीतच सापडते. १९५० नंतरच्या दशकात येथील शेतकऱ्यांनी सहकारी साखर कारखाना उभारला. सभासदांच्या भांडवलावर, सभासदांच्या मताने चालणारा हा कारखाना देशातील मोठ्या साखर कारखान्यांत गणला गेला. प्रूदोंच्या स्वप्नातील परस्पर सहकार पाहावयाचा असेल, तर तो येथे आहे. मात्र सहकार सभासदांपुरता आहे. ऊस तोडण्यासाठी खानदेशातून आणि डांगातून जी कुटुंबे येतात, ती सभासद नसतात. हिशेबात त्यांची मोजणी होते ती ‘कोयता’ म्हणून; नवरा, बायको आणि हाताशी येणारे पोर मिळून एक कोयता. मुकादमाकडून पावसाळ्यात उचल घ्यावयाची आणि हंगामभर ती फेडावयाची. यान ब्रेमन या डच समाजशास्त्रज्ञाने १९६० नंतर याच मुलखात राहून हाळी प्रथेचा आणि पुढे ऊसतोड कामगारांचा अभ्यास केला. बाहेरचे मजूर आणले जात असताना स्थानिक हळपती मात्र कामाच्या शोधात अन्यत्र भटकत होते, हे त्याने दाखवून दिले. वेठबिगारी १९७६ च्या कायद्याने रद्द झाली. कायदा राज्याने केला, आणि तो करणे आवश्यकच होते. परंतु उचलीचा हिशेब मुकादमाच्या वहीत राहतो आणि त्या वहीपर्यंत राज्याचा हात क्वचितच पोहोचतो.

मग अराज्यवादाचे काय करावयाचे? अव्यवहार्य स्वप्न म्हणून तो बाजूस सारावा काय? गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा-लेखा हे गोंड आदिवासींचे छोटे गाव याचे निराळे उत्तर देते. तेथे ग्रामसभेचे निर्णय बहुमताने नव्हे, सर्वसहमतीने होतात. या गावाने २००९ मध्ये वनहक्क कायद्याखाली सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळविला, आणि पुढे ग्रामदानाचा मार्गही स्वीकारला. लक्षात घ्यावयाचे ते हे की, गावाने राज्याच्याच कायद्याचा उपयोग करून राज्याला एक पाऊल मागे घ्यावयास लावले, आणि मोकळी झालेली जागा एखाद्या पाटलाच्या ताब्यात न जाता सर्वांची राहिली. आंबेडकरांचा कायदा आणि विनोबांचे ग्रामदान येथे हातात हात घालून आले.

बारडोलीचा निष्कर्ष असा काढता येतो. राज्याची आज्ञा नाकारण्याची शक्ती लोकांत असते, हे या तालुक्याने १९२८ मध्ये निर्विवाद सिद्ध केले. ते सिद्ध करण्यासाठी कोठेही रक्त सांडावे लागले नाही. परंतु आज्ञा केवळ कचेरीतून सुटत नाही. ती शेताच्या बांधावरून सुटते, पंचांच्या पारावरून सुटते, मुकादमाच्या वहीतून सुटते. जो अराज्यवाद कचेरीच्या आज्ञेपाशी थांबतो, तो अर्धाच अराज्यवाद होय. क्रोपोटकिनच्या ग्रंथातील परस्परसाहाय्य पूर्ण होते ते त्यात शेवटचा माणूस धरला तरच.

शंभर वर्षे पूर्ण करणारे सार्वजनिक वाचनालय हेही त्याच परस्परसाहाय्याचे एक रूप आहे. कोणाच्या हुकमाने ते सुरू होत नाही. चार माणसे वर्गणी जमवितात, आपल्या घरातील पुस्तके आणून ठेवतात, कोणी विनावेतन नोंदवही सांभाळतो. एकाचे वाचून झालेले पुस्तक दुसऱ्याच्या हाती जाते आणि मुदतीत परत येते, ते पोलिसांच्या धाकाने नव्हे. परमुलखात मराठी वाचनालये टिकली ती याच बळावर. दरवर्षी दिवाळीनंतर मराठी आणि अहिराणी बोलणारी हजारो माणसे दक्षिण गुजरातच्या उसाच्या फडांत उतरतात. त्यांच्या मुलांची शाळा हंगामाबरोबर सुटते, आणि कोणत्याही वाचनालयाच्या नोंदवहीत त्यांचे नाव नसते. दुसऱ्या शतकात पाऊल टाकताना नोंदवहीचे एक नवे पान त्यांच्यासाठी उघडावे. ते उघडण्यास कोणत्याही सरकारचा हुकूम लागत नाही.